पेटीतली पत्रे, पडद्यावरची साक्ष

आपल्या बहुतेक घरांत एक पत्र्याची ट्रंक असते. तिच्यात रेशनकार्ड, शाळा सोडल्याचा दाखला, जातीचा दाखला, लग्नपत्रिका, दीक्षाभूमीवर काढलेला एखादा पिवळा पडलेला फोटो आणि कुणाची तरी जुनी पत्रे असतात. दाखले कामाला लागतात म्हणून जपले जातात. पत्रे मात्र घर बदलताना किंवा भिंती रंगवताना रद्दीत जातात. दाखल्यावरून माणसाची जात आणि जन्मतारीख कळते. तो माणूस काय भोगत होता, कोणावर त्याचा जीव होता, कोणत्या गोष्टीने त्याची झोप उडाली होती, हे पत्रावरून कळते.

पायल कपाडिया या चित्रपट दिग्दर्शिकेने अशाच एका पेटीवर आपला पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट उभा केला. त्याचे नाव 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग'. मराठीत सांगायचे तर 'काहीच न उमगण्याची रात्र'. २०२१ साली फ्रान्समधील कान महोत्सवात तो दाखवला गेला आणि तेथे सर्वोत्तम माहितीपटाला दिला जाणारा 'गोल्डन आय' हा पुरस्कार त्याला मिळाला. चित्रपट घडतो तो आपल्या महाराष्ट्रात, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये.

कान महोत्सवातला चित्रपट आपल्या काय कामाचा, असे वाचक विचारतील. प्रश्न रास्त आहे. पण या चित्रपटाच्या मुळाशी एक मुलगी आहे, जिला तिच्या जातीमुळे प्रियकराच्या घरच्यांनी नाकारले. त्यात रोहित वेमुला आहे. गरिबाच्या मुलाने सरकारी विद्यापीठात शिकावे की नाही, हा प्रश्न आहे. म्हणून त्याची ओळख आपल्या घराघरांत व्हायला हवी.

पत्रे लिहिणारी मुलगी

चित्रपटाच्या सुरुवातीला आपल्याला सांगितले जाते की फिल्म इन्स्टिट्यूटच्या वसतिगृहात एका खोलीतल्या कपाटात एक पेटी सापडली. तिच्यात वर्तमानपत्रांची कात्रणे होती, सुकलेली फुले होती आणि पत्रे होती. पत्रे लिहिणाऱ्या विद्यार्थिनीचे पूर्ण नाव नाही, फक्त 'एल' हे अक्षर. ती पत्रे तिने आपल्या प्रियकराला लिहिलेली आहेत. तो गावी गेला आहे, घरच्यांनी त्याला अडवून ठेवले आहे, कारण मुलगी त्यांच्या जातीची नाही, खालच्या मानलेल्या जातीची आहे.

एल आपल्याला पडद्यावर दिसत नाही. ऐकू येतो तो तिचा आवाज. हा आवाज भूमिसुता दास यांनी दिला आहे. तो हळू आहे, रात्री उशिरा कुणी शेजारी बसून बोलावे तसा. त्या आवाजाच्या मागे चित्रे सरकत राहतात. वसतिगृहाचे जिने, गच्चीवर नाचणारी मुले, रिकाम्या खोल्या, पाऊस, मोर्चे, पोलीस. चित्रे बहुतेक काळी-पांढरी आणि दाणेदार आहेत, जुन्या अल्बममधल्या फोटोसारखी.

सुरुवातीला एल फक्त प्रेमाबद्दल बोलते. मग हळूहळू तिच्या पत्रांत इन्स्टिट्यूटमधला संप येतो, दिल्ली आणि हैदराबाद येते. तिच्या लक्षात येते की ज्याच्यासाठी ती झुरते आहे, तो सभेत समतेवर बोलत होता, पण आईबापासमोर तोंड उघडू शकला नाही. आपल्या समाजातल्या किती मुलींना हे वाक्य ओळखीचे वाटेल, ते वेगळे सांगायला नको. जाहीर सभेत पुरोगामी असणे सोपे असते. स्वतःच्या लग्नाची बोलणी चालू असताना पुरोगामी राहणे अवघड असते.

संप खरा, मुलगी रचलेली

आता मुख्य मुद्दा. ही एल नावाची मुलगी प्रत्यक्षात नाही. ती रचलेली आहे. पायल कपाडिया आणि त्यांचे सहलेखक हिमांशु प्रजापती यांनी तिची पत्रे लिहिली. पण तिच्या पत्रांच्या मागे जी दृश्ये दिसतात, ती फार मोठ्या प्रमाणात खरी आहेत.

पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट १९६० साली प्रभात कंपनीच्या जागेवर सुरू झाली. 'संत तुकाराम' हा चित्रपट १९३६ साली ज्या प्रभातने काढला, तीच ही कंपनी. २०१५ च्या जून महिन्यात केंद्र सरकारने नट गजेंद्र चौहान यांना संस्थेचे अध्यक्ष नेमले. या पदासाठी लागणारे काम त्यांच्या नावावर नाही, नेमणूक केवळ राजकीय आहे, असे म्हणत विद्यार्थ्यांनी १२ जून २०१५ रोजी संप पुकारला. तो १३९ दिवस चालला. ऑगस्टमध्ये एका रात्री पोलीस आवारात आले आणि त्यांनी पाच विद्यार्थ्यांना अटक केली. पुढे ज्या विद्यार्थ्यांवर खटला भरला गेला, त्यांत पायल कपाडिया यांचेही नाव होते. संस्थेने त्यांच्यावर शिस्तभंगाची कारवाई केली होती आणि त्यांची शिष्यवृत्तीही बंद केली होती. २०२४ साली त्यांना कानमध्ये मोठा पुरस्कार मिळाला, तेव्हाही तो खटला पुण्याच्या न्यायालयात चालूच होता.

हा सारा संप विद्यार्थ्यांनी स्वतःच्या कॅमेऱ्यांनी टिपला. चित्रपटात ती दृश्ये आहेत. हैदराबाद केंद्रीय विद्यापीठातला संशोधक विद्यार्थी रोहित वेमुला याने १७ जानेवारी २०१६ रोजी जीवन संपवले. त्याआधी त्याच्यासह पाच दलित विद्यार्थ्यांना वसतिगृहातून काढले होते. त्याच्या मृत्यूनंतर देशभर जी निदर्शने झाली, तीही चित्रपटात आहेत. १५ डिसेंबर २०१९ रोजी दिल्लीच्या जामिया मिलिया विद्यापीठाच्या ग्रंथालयात शिरून पोलिसांनी विद्यार्थ्यांना मारले. भिंतीवरच्या कॅमेऱ्याने आपोआप टिपलेले ते दृश्यही आहे. आणि या सगळ्यांत मिसळलेली आहेत काही अनोळखी कुटुंबांची जुनी घरगुती चित्रणे. लग्न, सहल, हसणारी मुले.

छायाचित्रण आणि संकलन रणबीर दास यांचे आहे. मोबाइलवर काढलेले, चांगल्या कॅमेऱ्याने काढलेले, भिंतीवरच्या यंत्राने टिपलेले आणि पन्नास वर्षांपूर्वी कुणी घरी काढलेले, अशी चित्रे बहुतेक काळ्या-पांढऱ्या रंगात आणली आहेत. त्यामुळे कोणते कालचे आणि कोणते जुने, हे पटकन ओळखता येत नाही. वर एकच आवाज सलग चालू राहतो. माणसाच्या डोक्यात आठवणींचे असेच होते. मागच्या वर्षीचे आणि चाळीस वर्षांपूर्वीचे एकमेकांत मिसळून जाते, आणि आपल्या मनातला एक आवाज त्यांना एका सुतात ओवतो.

नागसेनांचे उत्तर

आठवण कशी जागी होते, हा प्रश्न नवा नाही. बाबासाहेबांनी १९५० साली औरंगाबादेत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात, कॉलेज काढले. त्याला पुढे मिलिंद महाविद्यालय असे नाव मिळाले आणि परिसराला नागसेनवन. या दोन नावांमागे जो ग्रंथ आहे, त्या 'मिलिंदपञ्ह' मध्ये मिलिंद राजा भिक्खू नागसेनांना हाच प्रश्न विचारतो. नागसेन सोळा-सतरा प्रकार सांगतात. माणसाला स्वतः अनुभवलेले आठवते. दुसऱ्याने आठवण करून दिली म्हणजे आठवते. मोठ्या प्रसंगामुळे आठवते, आनंदामुळे आठवते, दुःखामुळे आठवते. कुणी आईसारखे किंवा बापासारखे दिसले म्हणजे आठवते. खूण पाहून, अक्षर पाहून, ग्रंथ पाहून आठवते. आणि गहाण ठेवलेली वस्तू पुन्हा दिसली म्हणजे आठवते.

यातला 'दुसऱ्याने आठवण करून दिल्यावर' हा प्रकार फार महत्त्वाचा आहे. पुष्कळ गोष्टी आपल्या आत असतात, पण कुणीतरी बाहेरून हाक मारल्याशिवाय त्या वर येत नाहीत. एलची रचलेली पत्रे हेच काम करतात. पत्र ऐकताना पाहणाऱ्याला स्वतःचे न पाठवलेले पत्र आठवते. पत्र काल्पनिक असते, पण त्यामुळे जी आठवण जागी होते ती खरी असते.

भीमाशंकरच्या बायका

ही रीत पायल कपाडिया यांनी एकाएकी शोधली नाही. २०१८ च्या बर्लिन महोत्सवात त्यांचा तेवीस मिनिटांचा एक मराठी लघुपट दाखवला गेला. नाव 'अँड व्हॉट इज द समर सेइंग', म्हणजे 'आणि उन्हाळा काय म्हणतो आहे'. तो पुणे जिल्ह्यात भीमाशंकरच्या जंगलाजवळच्या कोंढवळ गावात काढला आहे. झाडांच्या शेंड्यांकडे पाहून मध शोधणारा एक माणूस त्यात आहे. ही नजर त्याला बापाने दिली. आणि गावातल्या बायका आहेत, ज्या आपल्या हातून निसटलेल्या प्रेमाबद्दल कुजबुजतात. पण बोलणारी बाई आणि दिसणारी बाई एकच आहे असे चित्रपट सांगत नाही. चेहरा एकीचा आणि गोष्ट दुसरीची असू शकते.

असे का करावे? गावातली बाई कॅमेऱ्यासमोर आपले नाव सांगून जुन्या प्रेमाची गोष्ट सांगू शकते का? सांगितली तर संध्याकाळी तिला त्याच घरात, त्याच गल्लीत राहायचे असते. चेहरा आणि आवाज वेगळे केले म्हणजे गोष्ट बाहेर येते आणि बाई सुरक्षित राहते. ज्या माणसांना खरे बोलण्याची किंमत मोजावी लागते, त्यांच्यासाठी कल्पना ही एक आडोशाची जागा असते.

परदेशातही हा मार्ग जुना आहे. फ्रान्सच्या क्रिस मार्कर यांनी १९८३ साली 'सां सोलेय' हा चित्रपट काढला. त्यात एक बाई एका कॅमेरामनची पत्रे वाचते. कॅमेरामन काल्पनिक, चित्रे मात्र खरी. इराणचे अब्बास कियारोस्तमी यांनी १९९० च्या 'क्लोज-अप' मध्ये तर खऱ्या माणसांनाच त्यांच्या स्वतःच्या भूमिका दिल्या. एक गरीब माणूस आपण प्रसिद्ध दिग्दर्शक आहोत असे सांगून एका घरात वावरतो, पकडला जातो, त्याच्यावर खटला चालतो. खटल्याचे चित्रण खरे आहे आणि आधीचे प्रसंग त्याच माणसांकडून पुन्हा करून घेतलेले आहेत.

आपल्याकडेही असे घडले आहे. चैतन्य ताम्हाणे यांच्या २०१४ च्या 'कोर्ट' मध्ये लोकशाहीर नारायण कांबळे ही भूमिका नागपूरचे वीरा साथीदार यांनी केली. ते स्वतः आंबेडकरी चळवळीतले कार्यकर्ते होते. १३ एप्रिल २०२१ रोजी कोरोनाने त्यांचे निधन झाले. नागराज मंजुळे यांच्या २०१३ च्या 'फँड्री' मधला जब्या म्हणजे सोमनाथ अवघडे, हा शहरातून आणलेला नट नव्हता. शेवटी डुकराला काठीला बांधून नेताना मागे शाळेच्या भिंतीवर बाबासाहेबांचे, फुले दांपत्याचे चित्र दिसते. कथा रचलेली होती, पण ती भिंत पाहून आपल्यापैकी कितीजण पडद्यासमोर गप्प झाले.

मग खोटे कशाला म्हणायचे?

येथे एक रास्त शंका निघते. आपल्या समाजाच्या अनुभवाला नेहमीच 'हे खोटे आहे', 'हे वाढवून सांगितलेले आहे' असे म्हटले गेले आहे. अत्याचार झाला तर पहिला प्रश्न पुराव्याचा येतो. अशा वेळी खऱ्यात कल्पना मिसळली तर विरोधकाच्या हातात आयते कोलीत मिळत नाही काय?

ही शंका उडवून लावण्यासारखी नाही. रोहितच्या बाबतीतच पाहा. त्याची आई राधिका यांनी १४ एप्रिल २०१६ रोजी मुंबईत दादरच्या आंबेडकर भवनात रोहितच्या भावासह बौद्ध धम्माची दीक्षा घेतली. पण २०२४ च्या मे महिन्यात तेलंगणा पोलिसांनी न्यायालयात जो अहवाल दिला, त्यात रोहित अनुसूचित जातीचा नव्हताच असे म्हटले. विरोध झाल्यावर पुढील तपास करण्याचे जाहीर करावे लागले. आईने मुलाला कसे वाढवले, कोणत्या वस्तीत वाढवले, हे एका बाजूला आणि कागद दुसऱ्या बाजूला. अशा लढाईत आपली साक्ष स्वच्छ असावी लागते.

पण दुसरी बाजूही पाहू. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली आणि जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला. दहा माणसे मेली. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपले जीवन संपवले. आनंद पटवर्धन यांनी त्यानंतर चौदा वर्षे चित्रण करून २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण केला. या चित्रपटात कल्पना नाही. पण त्यात एक लक्षात ठेवण्यासारखी गोष्ट आहे. गोळीबाराचे समर्थन करण्यासाठी गॅसच्या टँकरचे चित्रण पुढे करण्यात आले होते, जमाव टँकर पेटवणार होता असा दावा होता. ते चित्रण केव्हाचे आणि टँकर कोठे उभे होते, याची उलटतपासणी चित्रपट करतो. म्हणजे चित्र खरे असूनही त्याच्यावर उभा केलेला दावा संशयास्पद असू शकतो.

तेव्हा चित्र खरे की रचलेले, एवढ्यावर भागत नाही. दाखवणारा माणूस आपल्याला काय आहे म्हणून दाखवतो, हे पाहावे लागते. टँकरचे चित्र 'हा पुरावा आहे' असे म्हणून दाखवले गेले. एलची पत्रे पुरावा म्हणून कोर्टात नेलेली नाहीत. पायल कपाडिया यांनी मुलाखतींत एल हे रचलेले पात्र असल्याचे लपवलेले नाही. संपाची, लाठीमाराची आणि ग्रंथालयातली दृश्ये मात्र त्यांनी रचलेली नाहीत. जे घडले ते घडले तसे ठेवले, आणि जे कुणी सांगू शकले नाही त्यासाठी एक आवाज निर्माण केला.

तरीही एक तक्रार उरतेच, आणि ती स्पष्ट मांडली पाहिजे. पायल कपाडिया या मुंबईच्या सुशिक्षित घरातल्या. आई नलिनी मलानी या जगप्रसिद्ध चित्रकार. खालची मानलेली जात वाट्याला आलेल्या मुलीचे मन त्यांनी लिहिले, ते सहानुभूतीने लिहिले. पण एलला पूर्ण नाव नाही, गाव नाही, आईबाप नाहीत. तिची जात हे तिचे दुःख आहे, पण त्या जातीचा अभिमान, तिची गाणी, तिची जयंती, तिची वस्ती चित्रपटात नाही. आपल्या मुलीने ही पत्रे लिहिली असती तर त्यात आजीचा आवाज आला असता, चौदा एप्रिल आला असता. ही उणीव चित्रपटाला कमी लेखण्यासाठी सांगत नाही. ते काम अजून शिल्लक आहे आणि ते आपल्याच मुलांनी करायचे आहे, हे सांगण्यासाठी सांगतो. सोमनाथ वाघमारे यांच्यासारखे तरुण ते करूही लागले आहेत. भीमा कोरेगाववरचा त्यांचा माहितीपट २०१७ साली आला आणि 'चैत्यभूमी' २०२३ साली.

कागद नसलेली पार्वती

कपाडिया यांचा पुढचा चित्रपट 'ऑल वी इमॅजिन अॅज लाइट' पूर्ण कथाचित्र आहे. २५ मे २०२४ रोजी त्याला कान महोत्सवात 'ग्रां प्री' हा दुसऱ्या क्रमांकाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्याआधी तीस वर्षे एकही भारतीय चित्रपट तेथील मुख्य स्पर्धेत नव्हता. पण याची सुरुवातही माहितीपटासारखी आहे. मुंबईचे बाजार, लोकल, रात्रीची गर्दी दिसते आणि वरून पोटासाठी शहरात आलेल्या माणसांचे आवाज वेगवेगळ्या भाषांत ऐकू येतात.

त्यात दोन मल्याळी नर्सबरोबर पार्वती नावाची एक बाई आहे. रुग्णालयात स्वयंपाक करते. भूमिका छाया कदम यांनी केली आहे. नवरा वारला आहे. वर्षानुवर्षे ज्या खोलीत ती राहिली, ती बिल्डरला पाहिजे आहे, आणि आपण येथे राहत होतो हे सिद्ध करणारा एक कागद तिच्याजवळ नाही. ती खोलीत राहिली हे शेजाऱ्यांना माहीत आहे, भिंतींना माहीत आहे, पण कार्यालयाला माहीत नाही. शेवटी ती रत्नागिरीकडच्या आपल्या गावी परतते. झोपडपट्टी हटवताना 'अमुक सालापूर्वीचा पुरावा आणा' हे शब्द ज्यांनी ऐकले आहेत, त्यांना पार्वतीची गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही.

सोळा वर्षे आणि आपले आवाज

आता आपल्या मराठवाड्याकडे वळू. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला. त्यानंतर गावोगावच्या वस्त्या जळाल्या. नांदेड जिल्ह्यातले पोचिराम कांबळे मारले गेले. १९७९ साली नागपूरहून लाँग मार्च निघाला. १९९३ च्या नोव्हेंबरमध्ये नांदेडला गौतम वाघमारे यांनी आत्मदहन केले. १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार झाला. सोळा वर्षे गेली.

त्या सोळा वर्षांत वस्तीतल्या माणसाच्या हातात कॅमेरा नव्हता. फोटो असले तर वर्तमानपत्रांचे, नोंदी असल्या तर पोलिसांच्या. आपल्या बाजूला राहिली ती माणसांची स्मृती आणि शाहिरांची गाणी. १९७८ साली जी मुलगी वीस वर्षांची होती आणि रात्री लेकरू काखेत घेऊन शेतात लपली, ती आज सत्तरीकडे झुकली आहे. तिने हे नातवंडांना एकदा-दोनदा सांगितले असेल. पण कुणी टिपून ठेवले आहे काय?

आज प्रत्येक घरात मोबाइल आहे आणि त्यात कॅमेरा आहे. त्यासाठी फिल्म इन्स्टिट्यूटला जावे लागत नाही. फक्त काही नियम पाळावेत.

टिपायला बसताना टीव्ही आणि पंखा बंद करावा. आवाज नीट आला नाही तर चित्राचा उपयोग राहत नाही. खिडकीचा उजेड बोलणाऱ्याच्या तोंडावर पडू द्यावा, पाठीवर नव्हे. मोबाइल आडवा धरावा. सुरुवातीला तारीख, ठिकाण आणि सांगणाऱ्याचे नाव बोलून घ्यावे.

'आंदोलनाबद्दल काय वाटते' असे विचारू नये, त्याला भाषणाचे उत्तर येते. त्या दिवशी चुलीवर काय होते, कुणी येऊन सांगितले, काय काय बरोबर घेतले, कुठे लपलात, परत आल्यावर घरात काय उरले होते, असे विचारावे. एखादी वस्तू, फोटो किंवा भांडे हातात द्यावे. नागसेनांनी सांगितल्याप्रमाणे वस्तू पाहून आठवण येते. आजी मध्येच गप्प झाली तर गप्प राहू द्यावे, घाईने पुढचा प्रश्न टाकू नये. आणि जे सांगायचे नसेल ते सांगायला भाग पाडू नये. कुणाचे नाव गाळायचे असेल तर तिच्या शब्दाला मान द्यावा.

मूळ चित्रण कापू नये. दोन ठिकाणी ठेवावे, एक मोबाइलमध्ये आणि एक पेन ड्राइव्हवर किंवा नातेवाइकाकडे. व्हॉट्सअॅपवर व्हिडिओ पाठवला की त्याचा दर्जा उतरतो, म्हणून तो डॉक्युमेंट म्हणून पाठवावा. जुन्या फोटोंच्या मागे मऊ पेन्सिलीने नावे आणि साल लिहून ठेवावे.

आणि शेवटचा नियम सर्वांत महत्त्वाचा. कॉलेजातल्या मुलामुलींना यातून नाटक करावेसे वाटले, लघुपट करावासा वाटला, आजीच्या जागी दुसरी मुलगी बोलती करावीशी वाटली, तर अवश्य करावे. आपल्या आंबेडकरी जलशांनीही घडलेल्या गोष्टी पात्रांच्या तोंडी घालूनच लोकांपर्यंत नेल्या. पण मूळ साक्ष वेगळी ठेवावी, नाटक वेगळे ठेवावे आणि कोणते काय आहे ते स्पष्ट लिहावे. आज यंत्राच्या साहाय्याने कुणाचाही चेहरा आणि आवाज बनवता येतो. अशा काळात 'हे घडलेले आहे' आणि 'हे आम्ही रचलेले आहे' ही दोन लेबले ज्याच्याजवळ नीट आहेत, त्याचीच साक्ष टिकेल.

दरवर्षी १४ जानेवारीला विद्यापीठाच्या गेटवर हजारो माणसे येतात. खेड्यापाड्यांतून एसटीने, टेम्पोने, पायी येतात. गेटला नमस्कार करतात, पुस्तके आणि कॅलेंडरे घेतात, फोटो काढतात आणि संध्याकाळी परत जातात. त्यांतल्या प्रत्येक म्हाताऱ्या माणसाजवळ एक गोष्ट आहे. पुढच्या १४ जानेवारीला गेटचा फोटो काढून झाला की मोबाइल बंद करू नका. शेजारी बसलेल्या आजीला विचारा, "आजी, तुम्ही तेव्हा कुठं होता?" आणि ती काय सांगते ते शेवटपर्यंत ऐकून घ्या.